भरून पावलो

सिद्धोधन खिल्लारेला शब्दांत पकडणारा माणूस परभणी जिल्ह्यात जन्मला नव्हता, असं त्याचं स्वतःचं मत होतं. धंदा फरशी बसवण्याचा. पण लग्नपत्रिकेचा मजकूर असो की मयताच्या पुण्यानुमोदनाचं पत्रक, आख्खं ताडकळस गाव त्याच्याच दारात यायचं.

बन्सीधर गुत्तेदाराने पालमला एका मालकाचं मंगल कार्यालय बांधायचा गुत्ता, म्हणजे ठेका, घेतला आणि फरशीचं काम सिद्धोधनला दिलं. अशा मधल्या माणसाला आपल्याकडे पोटगुत्तेदार म्हणतात. गुत्ता दुसऱ्याचा, पोट ह्याचं. काम झालं, बिल तीन लाखांचं निघालं आणि बन्सीधर म्हणू लागला, मालकाने दिले की देतो. मालक कधीच देऊन मोकळा झाला होता. इकडे कारागीर मजुरीला थांबेनात, तेव्हा सिद्धोधनने बायकोच्या बचत गटातून दीड लाख उचलले. सुकेशनी गटाची अध्यक्ष. नवरा ओळखीचा असूनही तिने दोन जामीनदार घेतले.

सहा महिने वाट पाहून त्याने माणिकराव वकिलांकरवी नोटीस धाडली, मग परभणीच्या कोर्टात वसुलीचा दावा लावला. मोजमापाच्या कागदावर बन्सीधरची सही होती. माणिकराव म्हणाले, दावा पक्का आहे, घरी जाऊन झोपा. सिद्धोधन झोपला. पुढच्या तारखेला बन्सीधरच्या वकिलाने एक जाड वही पुढे केली.

ती मंगल कार्यालयाच्या उद्घाटनाची अभिप्राय वही होती. त्या दिवशी सिद्धोधनला शाल, नारळ आणि पहिल्या पंगतीत ताट मिळालं होतं. वही समोर आली तेव्हा आधीचे पाहुणे 'छान', 'उत्तम' असलं काहीतरी खरडून गेले होते. सिद्धोधनने पेन बराच वेळ हवेत धरला आणि वळणदार अक्षरात लिहिलं, 'भरून पावलो.' खाली सही, तारीख.

"पैसे मिळाल्याची लेखी कबुली," वकील म्हणाला, "वादीच्याच अक्षरात."

टाके आपल्याच हाताने उसवून आलेल्या पेशंटकडे डॉक्टर पाहतो, तसं माणिकरावांनी आपल्या अशिलाकडे पाहिलं. न्यायाधीश बाईंनी अर्थ विचारला.

"मॅडम, जेवून उठल्यावर यजमानाला असं म्हणत असतेत आमच्याकडं."

"म्हणजे भरलं, हे कबूल?" वकिलाने विचारलं.

"पोट भरलं. गुत्त्याचं न्हाई."

 बाईंनी वही जवळ ओढली आणि पान उलटलं. झालं असं होतं, की सिद्धोधनभाऊंनी लिहिलंय म्हणजे तेच बरोबर असणार, असं समजून पुढच्या सतरा पाहुण्यांनी तेच लिहिलं होतं. त्यात दोन निवृत्त मुख्याध्यापक होते, बँडवाले होते आणि नवरदेवासाठी घोडी पुरवणारा एक इसमही होता.

"ह्या सतरा जणांनाही तुम्ही तीन-तीन लाख दिलेत का?" बाईंनी बन्सीधरला विचारलं.

बन्सीधरने वकिलाकडे पाहिलं. वकिलाने पंख्याकडे.

निकाल सिद्धोधनच्या बाजूने लागला. तीन लाख, वर सालाला सहा टक्के व्याज. सिद्धोधन किलोभर पेढे घेऊन घरी आला आणि सगळी हकीकत त्याने उभ्यानेच सांगितली. सुकेशनीने पेढा खाल्ला, हात पुसले.

"पैसे कुठंयत?"

बन्सीधर आपणहून देणार नाही, तेव्हा आता वसुलीसाठी वेगळी दरखास्त लावायची, मग जप्ती. माणिकराव म्हणालेत लवकर होईल, वर्ष-दोन वर्षांत, असं त्याने सांगितलं.

"कोर्ट महिन्याला दीड हजार व्याज देणार," सुकेशनी म्हणाली. "गट दोन टक्क्यानं तीन हजार घेणार. तुमी जितके दिस जिंकायलाव, तितके बुडायलाव."

हप्ते थकलेत, व्याज तरी कमी करायचं बघ, असं तो चाचरत म्हणाला. तिने विषय रविवारच्या बैठकीत ठेवला. अकरा मिनिटांत निकाल लागला, आणि सोमवारी सकाळी सिद्धोधनची मोटारसायकल खजिनदार पार्वतीबाईंच्या अंगणात उभी होती.

बचत गटात दरखास्त वेगळी लावावी लागत नाही.