डबी रिकामी परत यायची नाही

"तोंड कुठाय ह्याचं? आँ? आधी तोंड दाखव मला!"

दत्तूनाना ओरडत होते आणि आमच्या आळीतले तमाम कावळे माडांवरून उठून जंजिऱ्याच्या दिशेनं निघाले होते. नानांच्या ओटीवर पक्या उकिडवा बसला होता. पक्याचं मुरुडच्या बाजारात मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. नानांच्या हातात पांढरं, गुळगुळीत, नवं कोरं मशीन होतं. टीव्हीला जोडून गेम खेळायचं. पुण्याहून त्यांच्या मुलानं, नितीननं, कुरिअरनं पाठवलेलं. बाजारात फणस निवडावा तसं नाना ते वरून, खालून आणि बाजूनं थोपटून बघत होते.

"नाना, ह्याला तोंड नसतं," पक्या म्हणाला. "डिस्क घालायची भानगडच न्हाय आता. गेम सगळे इंटरनेटवरून उतरतात."

"मग हे खातं कशानं?"

"वायफायनं."

इथवर सगळं ठीक होतं. पण पक्याला बोलायची हौस. तो म्हणाला, "आणि त्या जुन्या डिस्का द्या माझ्याकडं. एक जुगाड हाय. सगळ्यांची कॉपी काढून एका हार्ड डिस्कवर टाकतो. बॅकअप! मग डिस्का भंगारात घातल्या तरी..."

"कॉपी? माझ्या ओटीवर बसून कॉपी म्हणतोस? माझ्या घरात चहा पिऊन?"

माझं लॉज नानांच्या घराला लागून आहे. त्या दिवशी मुंबईचं एक जोडपं उतरलं होतं. ते बॅगा घेऊन धावत बाहेर आलं आणि मला म्हणालं, समुद्र आत येतोय का? मी म्हटलं, नाही, नाना बोलतायत. त्यांचा विश्वास बसला नाही. दुपारच्या गाडीनं गेले.

नानांचा आवाज ही साधी गोष्ट नाही. उभी हयात त्यांनी एसटी स्टँडवर कंट्रोलरची नोकरी केली. समोर माइक असायचा, पण तो शोभेला. असं म्हणतात की एकदा नानांनी मुरुडच्या स्टँडवरून अलिबागच्या गाडीची हाक दिली आणि तिकडे मांडव्याच्या धक्क्यावर मुंबईच्या लाँचमध्ये पाय ठेवलेला माणूस तो पाय काढून परत फिरला. श्रीवर्धनच्या सुपाऱ्या त्या वर्षी वेळेआधी गळल्या, त्याचंही कारण लोक नानांनाच देतात. मी स्वतः पाहिलेलं नाही. पण सुपाऱ्या गळलेल्या पाहिल्या आहेत.

स्टँडवर नानांना दिवसभर माणसं विचारायची. गाडी लागली का, रोह्याची कुठली, पिशवी जरा बघाल का, आमची म्हातारी आली तर बसायला सांगा. निवृत्त झाले आणि एका दिवसात हे सगळं थांबलं. घरात नानी होत्या तोवर त्या विचारायच्या, भाजी कुठली करू. मग नानीही गेल्या. नितीन पुण्याला. नाना ओटीवर बसायचे आणि रस्त्यानं जाणाऱ्या माणसाला स्वतःहून सांगायचे, "साडेदहाची वेळेवर हाय." माणूस चालत निघालेला असायचा, तोही समोरच्या पिठाच्या गिरणीत.

नितीन पुण्याला गेला तेव्हा जाताना त्याचं जुनं मशीन आणि फळीभर डिस्का इथंच सोडून गेला होता. नाना त्या नुसत्या पुसायचे. खारी हवा, डिस्कवर बुरशी धरते. नानींच्या जुन्या लुगड्याचा मऊ तुकडा घेऊन नाना एकेक डिस्क अशी पुसायचे की तीत तोंड बघून दाढी करता यावी.

मग एक दिवस मकबूलभाई आले. कोळीवाड्यापलीकडे त्यांचा होडीचं इंजिन दुरुस्त करायचा धंदा. त्यांच्या पुतण्यानं आखातातून तसंच मशीन आणलं होतं. "दत्तूमियाँ, मोटारींचा खेळ आहे म्हणे तुमच्याकडं. चार दिवस द्या." नानांनी डबीसकट दिला. चार दिवसांनी मकबूलभाई डबी परत द्यायला आले, ओटीवर टेकले, चहा झाला, इंजिनांवर बोलणं झालं, संध्याकाळ झाली. ते गेल्यावर नानांनी डबी उघडली. डिस्क होती. आणि डिस्कच्या मधल्या भोकाभोवती दोन खजूर चापून बसवलेले होते.

आमच्याकडे शेजारणीची वाटी रिकामी परत करत नाहीत. साखर आणली तर परतताना वाटीत चिमूटभर काहीतरी येतंच. नानींचा हा स्वयंपाकघरातला रिवाज नानांनी त्या दिवशी उचलला आणि गेमच्या डबीला लावला. पुढं ज्यांच्या ज्यांच्या घरी मशीन होतं, त्यांना नाना ओटीवरून सुनावू लागले: "प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावं! गेम मिळंल. पण डबी रिकामी परत यायची न्हाय!"

मुरुडनं हे मनावर घेतलं. फुटबॉलच्या डबीतून सुपारीची खांडं येऊ लागली. लढाईच्या डबीतून कोकमं. कुस्तीच्या गेममध्ये तर कुणीतरी सुकट भरून पाठवली. त्यानंतर तो गेम लावला की मशीनच्या पंख्यातून असा वास सुटायचा की आळीतली मांजरं ओळीनं येऊन टीव्हीसमोर बसायची आणि शेवटची फेरी संपेपर्यंत हलायची नाहीत. नाना डबी नाकाला लावून सांगायचे, "ही पाटलांकडनं आली. मेथी हाय. बाळंतपण झालं वाटतं." आणि झालेलं असायचं.

त्या जुन्या मशीनची एक गोष्ट नानांना फार पटली होती. गेम मशीनमध्ये पुरता उतरवला तरी डिस्क आत असल्याशिवाय तो चालत नाही. "बघ," ते मला म्हणायचे, "तिकीट एक, प्रवासी एक. ह्याच्याकडं हाय म्हणजे त्याच्याकडं न्हाय. म्हणजे ह्यानं परत आणून दिलाच पायजे. काय डोकं चालवलंय जपानवाल्यानं!"

जपानवाल्याच्या मनात हे असेल असं मला वाटत नाही. पण नानांना सांगणार कोण?

ते स्वतः खेळायचे, पण त्याला खेळणं म्हणणं धाडसाचं आहे. मोटारींच्या शर्यतीत प्रत्येक वळणावर गाडी थांबवायचे. मागून येणारे धडाधड निघून जात. मी म्हणायचो, नाना, दाबा! ते म्हणायचे, "कुणी चढायचं राहिलं असंल तर?" लढाईच्या गेममध्ये भिंतीआड उभे राहायचे आणि शत्रूला सांगायचे, "आधी उतरणाऱ्यांना उतरू द्या." दुसरा रिमोट कायम चार्ज करून, फडक्यात गुंडाळून ठेवलेला. गॅसचा सिलिंडर घेऊन येणाऱ्या माणसाला त्यांनी एकदा तो रिमोट हातात देऊन बसवला. त्या दिवशी निम्म्या मुरुडनं चुलीवर जेवण केलं.

विकत घेण्याचीही गोष्ट सांगायला हवी. मागच्या वर्षी नवा क्रिकेटचा गेम आला म्हणून नाना मला घेऊन मुंबईला निघाले. मांडव्याहून लाँच, मग टॅक्सी, मग चकचकीत दुकान. डबी घेतली, परत लाँचमध्ये बसलो. धक्का सुटला तशी नानांनी डबीचं प्लास्टिक सोललं, उघडली, आणि गेट वेची कबुतरं हवेत गेली.

"रिकामी! रिकामी डबी दिली मला!"

आत डिस्क नव्हती. कागदाची चिठ्ठी होती, तिच्यावर आकडे आणि अक्षरं. हल्ली असंच देतात म्हणे. तो नंबर मशीनमध्ये टाकायचा आणि गेम उतरवून घ्यायचा. नाना उभे राहिले आणि लाँच चालवणाऱ्या सारंगाला म्हणाले, "गाडी मागं घ्या." लाँच वळली. सारंग आजही शपथेवर सांगतो की मी वळवली नाही, तिनंच ऐकलं.

दुकानातल्या पोरगेल्या माणसानं समजावलं, "अंकल, कोड म्हणजेच गेम."

"मग हा मी मकबूलला देऊ शकतो काय?"

"नाही. एकदाच चालतो. तुमच्या नावावर होणार. दुसऱ्याला नाही देता येत."

"मग मकबूलनं परत काय आणायचं?"

त्या माणसाला हा प्रश्न विक्रीच्या ट्रेनिंगमध्ये शिकवलेला नव्हता. शेवटी नानांनी नवा गेम सोडून कुणीतरी विकून टाकलेली जुनी डिस्क घेतली. लाँचमध्ये तिची डबी हुंगली आणि खूश झाले. "मसाल्याचा वास हाय. चांगल्या घरात राहून आलीय."

मकबूलभाईंचं सांगायचं राहिलं. त्यांचा पुतण्या मशीन घेऊन कधीच आखातात परत गेला. घरात टीव्हीसुद्धा धड नाही. तरी दर शुक्रवारी नमाज झाली की मकबूलभाई एक डबी परत आणतात आणि एक घेऊन जातात. नानांना हे ठाऊक आहे का, ते मी विचारलेलं नाही. नानांनीही मला कधी विचारलेलं नाही.

पण फळीवरच्या दोन जागा नाना कुणालाच द्यायचे नाहीत. त्या नितीनच्या. नितीन गणपतीला यायचा. जाताना नाना त्याच्या बॅगेत दोन डब्या कोंबायचे. "ने. शिमग्याला परत आण." नितीन म्हणायचा, नाना, हे गेम माझ्याकडे तिथं आहेत. नाना म्हणायचे, "असू दे, ह्या माझ्या हायत." मग शिमग्याला पालखीच्या आधी नितीन यायचा. डब्या परत यायच्या. एकीत बाकरवडीचे दोन तुकडे, दुसरीत चिवडा. चिवड्यानं डिस्कवर ओरखडे पडायचे, पण नानांनी कधी कुरकुर केली नाही. उलट ओरखडा मला दाखवायचे, "शेंगदाणा होता बघ." शिमगा झाला की दुसऱ्या दोन डब्या जायच्या, त्या गणपतीला यायच्या. जगातला कुठलाही बॅकअप घ्या, इतका भरवशाचा नसेल.

या शिमग्याला नितीन आला नाही. ऑफिसचं काम होतं. नानांनी फोनवर सांगितलं, "काय हरकत न्हाय." पालखी दारात आली तेव्हा ते खांदा द्यायला उठले, पण लक्ष पुण्याच्या गाडीच्या वेळेकडे. त्याच आठवड्यात जुन्या मशीननं शेवटचा श्वास घेतला. खारी हवा, सुकट, वय, काय म्हणाल ते. नितीनला कळलं, आणि मे महिन्यात हे नवं मशीन आलं. बिनतोंडाचं.

तर, पक्या. कॉपीवरून शिव्या खाऊनही त्यानं बिचाऱ्यानं मशीन जोडलं. नितीनच्या खात्यावरून पन्नासेक गेमची चित्रं टीव्हीवर ओळीनं उभी राहिली. "सगळं वर, इंटरनेटवर ठेवलेलं हाय, नाना," पक्या म्हणाला. "मशीन समुद्रात टाकलंत तरी गेम जागच्या जागी. काय आणायला नको, द्यायला नको, जायला नको." एवढं सांगून, चपला हातात घेऊन तो गेला.

मी थांबलो. नाना मशीनच्या खोक्याशी बसले होते. त्यांनी तळातला पुठ्ठा उचलला. खाली दोन डब्या होत्या. गणपतीत नितीननं नेलेल्या.

नानांनी पहिली उघडली. डिस्क होती. ती लुगड्याच्या तुकड्यावर ठेवली आणि डबी तळहातावर उलटी आपटली. मग दुसरी उघडली. डिस्क होती. तीही बाजूला ठेवली, डबी आपटली, आत बोट फिरवलं, बोट नाकाला लावलं.

"कुरिअरवाल्यानं खाल्लं असंल," नाना म्हणाले.

"शक्य आहे," मी म्हटलं. "लांबचा प्रवास असतो त्यांचा."

मग ते आत गेले आणि उन्हात वाळवलेल्या आंबापोळीची चवड घेऊन आले. मशीनच्या खोक्यात थर्माकोलला मशीनच्या आकाराचा खड्डा होता, त्याच्या कडेनं त्यांनी एकेक पोळी उभी लावली. मधली जागा मोकळी सोडली. मशीन तिथं बसेल एवढी.

"हे काय, नाना?"

"परत द्यायचं तर रिकामं कसं द्यायचं? शिमग्याला त्याला जमलं न्हाय. म्हटलं, ह्या खेपेला आपणच जावं पुण्याला."

तेवढ्यात नितीनचा फोन आला. नाना फोन नेहमी स्पीकरवर टाकून हातभर लांब धरतात. आवाजाची सवय.

"नाना, मिळालं का? चालू झालं?"

"मिळालं. चांगलं हाय. वजनदार हाय." नाना इतक्या हळू बोलत होते की मी पुढं सरकलो. "नितीन, सगळं वापरून झालं की परत कधी आणून देऊ?"

"काय परत?"

"हे मशीन. आणि ते वर ठेवलेले गेम. तू सांग तेव्हा येतो. मला काय, कुठलीपण गाडी चालंल."

पलीकडे कुणीतरी कीबोर्ड बडवत होतं.

"परत नाही द्यायचं, नाना," नितीन म्हणाला. "तुमचंच आहे ते."