चौकातल्या गोळीबाराचं आत्मिक अंग

राष्ट्राच्या जीवनात काही घटना इतक्या मोठ्या असतात, की त्यांचा खरा अर्थ कळायला आधी त्या पाहिलेली माणसं म्हातारी व्हावी लागतात. आमच्या चौकातला गोळीबार ही अशीच एक घटना.

सुरुवातीला लोकांनी तिच्याकडे फार वरवर पाहिलं. गोळ्या झाडल्या, माणसं मेली, असं म्हणून ते मोकळे झाले. (त्या काळी वाचनसंस्कृतीही बेताचीच होती.) पुढे साहित्यिकांनी विषय हाती घेतला. पहिल्या कादंबरीत गोळीबार हा ‘नियतीचा घाला’ झाला, दुसरीत ‘सामूहिक तप’, आणि जिला पुरस्कार मिळाला त्या तिसरीत गोळीच राहिली नाही, नुसता प्रकाश उरला. स्मृती समितीच्या पाहणीनुसार आता शंभरातल्या एक्क्याण्णव नागरिकांना चौकात शांत वाटतं. उरलेले नऊ तिथेच राहतात.

चौकातल्या भिंतीला भोकं पडली होती. ती बुजवावीत की ठेवावीत, यावर समितीत वर्षभर काथ्याकूट झाला. शेवटी प्रत्येक भोकात एकेक पांढरं फूल खोचायचं ठरलं. देठ अगदी चपखल बसले, जणू भोकं माप घेऊनच पाडली होती.

समितीच्या स्मरणग्रंथाचा मी संपादक. त्यात माझ्या मावसभावावरही एक पान आहे. मावशी शिवणकाम करते. तो तिचा एकुलता एक. ‘आतल्या प्रेरणेने तो चौकाकडे ओढला गेला आणि अनंतात विलीन झाला,’ हे वाक्य मी स्वतः लिहिलं. छान उतरलंय.

ते वाचून दाखवलं तेव्हा मावशीने मशीन थांबवलं नाही. शिवण पुरी केली, दोरा दाताने तोडला आणि म्हणाली, "प्रेरणा कसली रे? काळी बटणं संपली होती. मीच धाडलं त्याला."

बटणांमुळे ग्रंथाची पातळी खाली येईल, असं मी तिला समजावलं. तिने फार ताणलं नाही. बटणं राहू देत, म्हणाली, पण त्याला गोळी घातली आणि ती कोणी घातली, एवढं लिही. डोळे मिटायच्या आत तिला ते छापलेलं बघायचं होतं.

मी विनंती समितीपुढे ठेवली. अध्यक्षांना गहिवरून आलं. ‘कोणी’ हा प्रश्नच अहंकारातून उपजतो, असा त्यांनी निर्वाळा दिला. (गोळीबाराच्या दिवशी चौकाचा बंदोबस्त त्यांच्याकडेच होता, त्यामुळे या विषयावरचं त्यांचं चिंतन जुनं आहे.) मावशीला पहिल्या रांगेतली खुर्ची मात्र एकमताने मंजूर झाली.

प्रकाशन चौकातच झालं. प्रथेप्रमाणे सगळ्यांनी डोळे मिटून दोन मिनिटं मौन धरलं. त्या शांततेत मावशीचा आवाज आला, "माझ्या पोराला गोळी कोणी घातली?"

एकानेही डोळे उघडले नाहीत, इतकी एकाग्रता साधली होती. अध्यक्ष तिच्या शेजारच्याच खुर्चीत होते.

आता वाचकहो, अध्यक्ष त्या दिवशी कुठे होते, हे मी तुम्हाला मघाशी कंसात सांगितलं होतं. तुम्ही गालातल्या गालात हसलात आणि पुढचं वाक्य वाचायला घेतलंत. ग्रंथाची एक प्रत तुमच्यासाठी राखून ठेवली आहे.