पूर्वेस चिंच

भास्करराव सकाळपासून रद्दी कागदांवर स्वतःची सही करून बघत होते. एकही दुसरीसारखी येत नव्हती.

"परीक्षा आहे का तुमची?" कुसुमताईंनी विचारलं.

"साक्ष आहे."

"एकच आहे. सही आपलीच म्हणायची आणि घरी यायचं."

"पण ती माझी नसली तर?"

कुसुमताईंनी नवऱ्यापुढचे कागद गोळा केले. या माणसाला आरशातला चेहराही दोनदा तपासून घ्यायची सवय होती.

प्रकरण झुंबरचं होतं. सिल्वासाच्या कारखान्यात राबून त्याने नरोलीला जमिनीचा तुकडा घेतला आणि दोन खोल्या बांधल्या. ज्यांच्याकडून घेतला ते वारले. त्यांचा पुतण्या श्रीकांत म्हणू लागला, साठेखत बोगस आहे, खोल्या पाडा. साठेखतावर सही केलेल्या दोन साक्षीदारांपैकी एकही वारला होता. उरले भास्करराव, निवृत्त गुरुजी, ज्यांना कधी सही केली तेच आठवत नव्हतं. गावात कोणीही कागद घेऊन यायचं आणि गुरुजींना नाही म्हणता यायचं नाही.

"गुरुजी, तुमचीच हाये," कोर्टाच्या पायरीवर झुंबर पुन्हा सांगत होता. "तुम्ही पेपर तपासत बसेल होते. मी समोर उभा होतो ना!"

"तू म्हणतोस तर असेल," भास्करराव म्हणाले. झुंबरचा चेहरा पडला.

पिंजऱ्यात त्यांच्या हातात मूळ कागद आला. झेरॉक्समध्ये सहीखाली नुसता काळा डाग दिसायचा. इथे तो लाल होता. तपासल्याची बरोबरची खूण, आणि शेजारी 'सहा' लिहून खाली रेघ मारून 'दहा'.

भास्कररावांना अंधुक आठवलं. उत्तरपत्रिकांच्या गठ्ठ्यावर ठेवलेला कागद, हातात लाल पेन. त्यांनी साठेखताला मार्क दिले होते.

श्रीकांतच्या वकिलांनी कागद वर धरला. "मॅडम, कोणता साक्षीदार मार्क देतो? एखाद्या पोराच्या वहीतून ही सही उचललेली आहे, मार्कांसकट! बोला माष्टर, सही तुमची?"

"असावी."

"असावी! आणि मार्क?"

"तेही... माझेच असावेत."

कोर्टात हशा पिकला. झुंबरने डोकं धरलं. वकिलांना चेव आला. "मग सहाच का? सांगा ना, चार कशाचे कापले?"

भास्कररावांनी चष्मा सारखा केला. मार्क का कापले, हा प्रश्न त्यांना आयुष्यभर पालकांनी विचारला होता. तेवढ्यापुरता त्यांचा आवाज ठाम झाला.

"हद्द अपुरी आहे. 'पूर्वेस चिंच' एवढंच लिहिलंय. तिथे चिंचा तीन होत्या, माझ्या शाळेसमोरच. कोणती, ते लिहायला हवं होतं."

न्यायाधीश बाईंनी मान वर केली. "म्हणजे तुम्ही कागद पूर्ण वाचला होता?"

"न वाचता मार्क कसे देणार?"

"सही शाबीत झाली," बाई म्हणाल्या.

वकील बिथरले. "पण हद्दच नक्की नाही, मॅडम! कोणती चिंच?"

"आता किती आहेत तिथे?" बाईंनी विचारलं.

झुंबर उभा राहिला. "एकच, साहेब. दोन रस्त्यात गेल्या. उरेल हाये ती श्रीकांतशेठच्या गोडाऊनच्या पल्याड."

पूर्वेची हद्द म्हणून ही उरलेली चिंच धरली तर गोडाऊन झुंबरच्या जमिनीत येत होतं. श्रीकांतने वकिलांचा काळा कोट ओढला. "अहो, तडजोड म्हणा, तडजोड!"

"मला गोडाऊन काय करायचं?" झुंबर म्हणाला. "माझ्या खोल्या ऱ्हाऊ द्या."

दुपारपर्यंत तसं लिहून झालं. झुंबर बायकोला, तानूबाईला, फोनवर ओरडून सांगत सुटला, "नाही पाडत आता! कोणाचा बाप नाही पाडत!"

भास्करराव दमून चहाच्या टपरीवर बसले. कुसुमताई शेजारी. तेवढ्यात श्रीकांतचे वकील रस्ता ओलांडून आले. घसा साफ केला.

"माष्टर, राग नाही ना? धंदा आहे आपला." त्यांनी बॅगेतून कागदांचा जाडजूड गठ्ठा काढला. "टोकरखाड्याला फ्लॅट घेतोय. करार जरा बघून देता? बिल्डरवर भरवसा नाही."

भास्कररावांनी बायकोकडे पाहिलं, गठ्ठ्याकडे पाहिलं. नाही म्हणायला तोंड उघडलं आणि हात पुढे केला.

"अजून दोन चहा," कुसुमताईंनी टपरीवाल्याला सांगितलं. "आणि वकीलसाहेब, बसा. आता संध्याकाळ होईल."