भावोजींचा बिनडोक घोडा

कोणत्याही साम्राज्याचा मोठेपणा त्याच्या विस्तारावरून नव्हे, तर ते आपल्याला दाराशी किती वेळ ताटकळत ठेवतं, यावरून ठरतो. आमच्या भावोजींच्या जुन्या व्हिडिओ गेमच्या कन्सोलवर चालणारा (हा शब्द सौजन्यापोटी) साहसी खेळ या कसोटीवर अजोड होता.

खेळात म्हणे अफाट जग, वाटेल तिकडे जा. भावोजी जात. ते पोहोचल्यावर मागाहून डोंगर येई. गावकऱ्यांचे आधी कपडे येत, चेहरे सवडीने. घोड्याला तर डोकंच नव्हतं. ती त्याची जातच असावी असं समजून घरात सगळे त्याला 'बिनडोक' म्हणत. पुढे एकदा डोकं उगवलं, तेव्हा हा दुसऱ्याचा घोडा म्हणून भावोजींनी तो प्रामाणिकपणे सोडून दिला.

तज्ज्ञ याला त्रुटी म्हणतात. आम्ही सहमत नाही. पडद्यावर 'लोड होत आहे' आलं की भावोजींची मान वळे आणि तेवढ्यात ताई संसार उरकून घेई. माझी ताई भूल देणारी डॉक्टर. माणूस शुद्धीवर किती वेळ राहील, हे तिला बरोबर कळतं. गळका नळ, आईचे डोळे, घरभाडं, सारे ठराव लोडिंगमध्येच मांडले गेले. (नव्वद टक्के बिनविरोध मंजूर. उरलेले ऐकूच गेले नाहीत.)

एकदा खेळातल्या एका गुहेपाशी लोडिंग लागलं, तेव्हा ताई भावोजींना म्हणाली, "अरे, ऐक ना. दुसऱ्या गावच्या मोठ्या दवाखान्यात नोकरीला बोलावलंय मला. तू थांब म्हणालास तर थांबेन. पण काहीतरी म्हण..."

गुहा उघडली.

"हां, पुढच्या लोडिंगला बोलू," भावोजी म्हणाले.

वाया जाणारा वेळ वाचवून तो ताईला द्यावा, या उदात्त हेतूने त्यांनी नवा कन्सोल आणला. त्यावर डोंगर आधीच हजर, घोडा डोक्यासकट. लोडिंग म्हणून नाहीच. ताई सोफ्याच्या कडेला बसून पुढच्या लोडिंगची वाट पाहत राहिली. मला तिच्याकडे बघवेना. मग तिने बॅग भरली आणि दाराशी म्हणाली, "येते."

"ये," भावोजी पडद्याकडे बघत म्हणाले.

(निघताना 'जाते' म्हणू नये, म्हणून आपण 'येते' म्हणतो. भावोजींनी ते शब्दशः घेतलं. ते अजून वाट पाहताहेत आणि खेळ झकास पळतोय.)

तुम्ही भावोजींना हसलात, हरकत नाही. पण हे वाचताना मघाशी घरातलं कुणीतरी तुमच्याशी काही बोललं आणि तुम्ही 'हं' म्हणालात. काय बोललं होतं?