टॉली रानाची वई व भेकराचा पाडाव

रान टॉली, प्रांत सफोक, मुलूख विलायत, येथील मोहिमेचे वर्तमान जैसे घडले तैसे लिहिले असे. वाचणारांनी हसू नये. हसलेच तरी लिहिणाराची हरकत नाही. लिहिणार तोच मोहिमेचा सरसेनापती, ऑस्बर्ट पिलिंग, निवृत्त दंतवैद्य. उभ्या हयातीत दाढेखेरीज काही उपटले नाही. त्यांची कीर्ती दुसरा कोणी लिहीना, म्हणोन स्वहस्ते लिहिणे प्राप्त जाहले.

टॉली रान ते केवढे, तर दोन शेतांमधली चिंधी. परंतु हिल्डाबाई रज, उमर एक्यायशी, यांचा जीव तेथील हेझलच्या चाळीस खुंटांत. वडिलांनी राखिलेले, दर सात वर्षांनी बुंध्याशी तोडावे, म्हणजे धुमारे फुटोन झाड पुन्हा तरणे होते. शेजारच्या पट्टीचे धुमारे गतसाली चिनी भेकर नामे बुटक्या हरणाने साफ खाल्ले आणि खुंट मेले. उरले ते हेच चाळीस.

मग तोड जाहली, आणि सात असामी फौज, सरासरी उमर सत्तर, काटक्या रचोन भोवती छातीएवढी वई, म्हणजे कुंपण, बांधू लागली, आणि अकरा वाजता चहा, आणि मग कंबर धरणे, आणि मग पुन्हा वई. रॉबिन पक्षी खुंटावर बसोन पाहणी करी. पाचवे आठवड्यात शेवटली फांदी खासा पिलिंग यांनी खोविली आणि लिंबाचा केक कापिला. घास तोंडी जातो तों आतून भुंकणे आले.

"कुणाचं कुत्रं राहिलं आत?" पिलिंग.

"कुत्रं कसलं, भेकर आहे ते!" हिल्डाबाई कडाडल्या. "शत्रू आत, आपण बाहेर. शाबास रे मेल्या, कोंडवाडा बांधलास!"

पिलिंग यांस धरणी पोटात घेईल तर बरे, ऐसे जाहले. तट फोडावा तर पाच आठवडे पाण्यात, न फोडावा तर धुमारे शत्रूच्या पोटात. मसलत बसली. परंतु त्या मुलखी आधी बोलणे असभ्य, सबब "आधी तुम्ही", "छे, आधी तुम्ही" यातच अर्धा तास खर्ची पडला. मग पिलिंग यांनी सेनापतीस शोभेसे वईवर कोपर टेकिले, आणि वई खचली, आणि खासे काटक्यांत पालथे जाहले, आणि गनीम त्यांचे पाठीवर पाय देवोन खिंडारातून पसार जाहला.

"सॉरी हं," पिलिंग भेकरास म्हणाले.

हिल्डाबाईंचा हुकूम सुटला की, भोक बुजेतो पिलिंग यांनी भोकातच बसावे. बसले. चहा तेथेच पोचविला.

एप्रिलात अडतीस खुंटांस बोटभर धुमारे आले. हिल्डाबाईंनी एकेकास हात लाविला आणि डोळे पुसले.

"पुढच्या तोडीला मी काही नसेन. तू येशील ना रे?"

"येईन, बाई."

येणेप्रमाणे फत्ते जाहली. शत्रूकडील जाया कोणी नाही. आपलेकडील पाटलोण एक. पुढील तोडीचा कौल सरसेनापतींनी, ते समयी आपली उमर ऐंशी होईल हे बोटांवर दोनदा मोजोन, दिला असे.