पृथ्वीराजचं जादा वजन

समविण येणारी माणसं अख्ख्या कोरेगाव तालुक्यात दोनच. एक माझ्या सासूबाई बनुबाई आणि दुसरी मी, क्रांती! सासूबाईंना विचाराल तर एकच.

समविण म्हणजे काय, ते आधी सांगते. हे जग म्हणजे एक मोठं घोंगडं आहे. इकडं ओढलं की तिकडं उघडं पडणार! त्यामुळं कुठलीच गोष्ट नाहीशी करता येत नाही, फक्त दुसरीकडं सरकवता येते. ज्याचं घ्यायचं त्याच्या कापडाचा दोरा मागावर उभा लावायचा, ज्याला द्यायचं त्याचा आडवा. विणायचं, फणी मारायची, झालं! सासूबाईंनी शेजारच्या तानुबाईंची दाढदुखी अशीच पायपुसण्याचा दोरा घेऊन आमच्या उंबऱ्यात घातली. उंबऱ्याला चीर गेली, पण तानुबाई अजून ऊस सोलून खातात.

त्या दिवशी सासूबाई लेकीकडं लोणंदला गेल्या होत्या आणि दारात माझा भाचा पृथ्वीराज उभा! पैलवान गडी, पण तोंड सुकलेलं. संध्याकाळी सांगलीत कुस्तीची निवड होती आणि वजन दोन किलोनं जास्त. पुढच्या वर्षी तो वयात बसणार नव्हता.

"आत्ते, कालधरनं पाण्याचा थेंब न्हाई. पळून पळून पाय गेलं, तरी काटा हलंना!" म्हणाला आणि रडायलाच लागला. एवढा दांडगा पोरगा रडताना बघून माझ्या काळजाचं पाणी झालं.

"गप. शर्ट काढ!"

"आँ?"

"दोरा पायजे रं!"

आता हे दोन किलो घालायचे कुठं? सासूबाई असत्या तर म्हणाल्या असत्या, जात्यात घाल. पण माझं डोकं चाललं! आमचे हे, जयराज, ट्रॅक्टर घेऊन कारखान्याच्या रांगेत उभे होते. मग ते वजन उसाच्या ट्रॉलीतच का घालू नये? काट्यावर तेवढाच ऊस जास्त भरेल! ट्रॉलीच्या मागं लाल फडकं बांधतात, त्याचा उरलेला तुकडा घरातच होता. त्याचा दोरा ओढला, विणलं आणि फणी मारली.

पृथ्वीराज पिशवीत काटा घेऊनच फिरत होता. त्यावर चढला आणि ओरडला, "बसलं आत्ते, बसलं!"

इथं थांबायला पाहिजे होतं. पण भाचा माझ्या दारातनं उपाशी गेला तर मी माहेरात तोंड कसं दाखवायचं?

"जेवून जा."

"आगं, वजन!"

"त्ये माज्याकडं लागलं!"

तो एक भाकरी खायचा, मी एक आडवा दोरा घालायची. कोंबडीचा रस्सा झाला, वर तांब्याभर दूध झालं. उपाशी पैलवान तो! भाकऱ्या थापू की विणू, मला दोन हात पुरेनात. शेवटी वाटेत काही खाल्लं तर असूदे म्हणून मी चार दोरे जादाच घातले. पोरगं दुपारच्या गाडीला गेलं ते कापसासारखं हलकं होऊन!

आणि जयराजचा फोन आला.

"क्रांते, मला काय झालंय बघ! स्टेरिंग पोटात रुतलं हुतं! चौघांनी वढून काडलं मला!"

"आणि ट्रॉली?"

"ट्रॉलीला काय धाड भरलीया? आगं, भरलेली ट्रॉली जोखली तवा मी बारीक हुतो. रिकामी जोखायला आनली तर मी ह्यो असा! वजाबाकीत ऊस कमी भरला की गं!"

"आवं, त्ये लाल फडकं कशाचं हाय?"

"माज्याच शर्टाचं. तूच फाडलंस की दिवाळीत!"

दोऱ्यानं मालक बरोबर ओळखला होता. मी लोणंदला सासूबाईंना फोन लावला आणि सगळं कबूल केलं.

"आई, उसवू का?"

"उसवलंस तर समदं त्या पोराच्या पोटात परत जाईल! त्ये आता काट्यावर हुबं ऱ्हायलं आसंल."

"मग जात्यात घालू?"

"येकदा सरकवल्यालं दुसऱ्यांदा कुठंबी जात न्हाई, क्रांते. जिनं विणलं तिनंच घ्यायचं."

एकीकडं नवरा फुगलेला, दुसरीकडं भाच्याचं आख्खं वर्ष! काय करणार? ह्यांच्या फडक्याचा दोरा उभा लावला, स्वतःच्या पदराचा आडवा घातला, डोळे मिटले आणि फणी मारली. झंपराची शिवण टर्रकन गेली. बांगड्या मनगटात रुतल्या. बसायचा पाट कुरकुरला!

दिवे लागायच्या वेळेला सांगलीहून फोन आला. "आत्ते, वजन बसलं! कुस्तीबी मारली! निवड झाली गं!" मला इतका आनंद झाला म्हणून सांगू, वजन विसरून मी माजघरात नाचले. मांडणीवरची भांडी खाली आली.

मग जयराज आले, पहिल्यासारखे सडपातळ. मी मुद्दाम दारात उभी राहिले, दोन्ही कडांना टेकून! तुमच्यासाठी मी काय काय अंगावर घेतलं, ते आता ह्यांनी विचारावं आणि मी डोळ्यांत पाणी आणून सांगावं, अशी सगळी तयारी होती.

त्यांनी मला वरपासून खालपर्यंत नीट बघितलं. चेहरा काळजीनं उतरला.

"क्रांते, लय वाळलीस गं आज. दिसभरात काय खाल्लंस का न्हाई?"

खरंच नव्हतं खाल्लं. मुकाट्यानं दोन भाकऱ्या थापल्या आणि जेवायला बसले.