नळ सिनेमात आहे

स्वयंपाकघरातला गळका नळ दुरुस्त करायचा नाही, असं दिग्दर्शकाने ठरवलं आणि तिथूनच सगळं बिघडलं.

'दिग्दर्शक' हे नाव घरच्यांनी ठेवलेलं, तो आठ वर्षांचा असताना. बुटांच्या खोक्याला भोक पाडून, मागून बॅटरी धरून त्याने भिंतीवर मांजराची सावली नाचवली होती. (ती कुणाला बादली वाटली, कुणाला मामा.) मावशी कौतुकाने म्हणाली, "हा नाव काढणार!" ती बोलून गेली, याने मनावर घेतलं. पुढे मामाचा कॅमेरा मागून त्याने मामेबहिणीचं लग्न टिपलं. त्यात छताचा पंखा फार सुंदर आलाय. नवरी एकदाच दिसते, तीही पाठमोरी. मामेबहीण अजून त्याच्याशी बोलत नाही. हा त्याला 'माझा सुरुवातीचा काळ' म्हणतो.

आता चाळिशी उलटली. आपण स्वतंत्र चित्रपटकार आहोत, असं तो भेटेल त्याला सांगतो. (स्वतंत्र म्हणजे बायकोच्या पगारावर.) बायको शाळेत शिकवते, त्यामुळे तिची सहनशक्ती दांडगी, पण तीही संपली.

"हा शेवटचा सिनेमा," ती म्हणाली. "चित्रपट महोत्सवात घेतला तर ठीक. नाहीतर सोमवारपासून माझ्या भावाच्या दुकानात उभं राहायचं."

भावाचं दुकान नळांचं आणि बेसिनचं. एवढा मोठा कलावंत काउंटरवर नळ विकणार, या कल्पनेनेच दिग्दर्शकाला घाम फुटला.

सिनेमा असा : एक माणूस ओट्याजवळ बसून नळाची टपटप ऐकतो. चाळीस मिनिटं. (याला तो 'आशयघन' म्हणतो.) प्रत्येक शॉटमध्ये टपटप सारखीच हवी, म्हणून नळाला हात लावायचा नाही. खिडकीतलं फडकंही हलवायचं नाही. टेबल चौकटीत येतं, म्हणून चित्रण साठवायचा कॉम्प्युटर जमिनीवर.

बायकोने बोलावलेल्या प्लंबरला त्याने दारातच अडवलं. "नळ सिनेमात आहे!"

"बरं," प्लंबर म्हणाला. "पण तोवर थांब म्हणून त्यालाही सांगून ठेवा."

शेवटच्या शॉटला टपटप जरा मंदावली. कॅमेरा तिपाईवर चालूच होता. दिग्दर्शकाने पक्कड घेऊन नळाला हलकासा पीळ दिला, तसा नळच हातात आला. पाणी थेट तोंडावर! त्याने अंगठा लावला, मग पातेलं धरलं, मग धावत जाऊन बाथरूमचा गीझर बंद करून आला. शेवटी पाण्याकडे बोट दाखवून तो ओरडला, "कट!" पाण्याने ऐकलं नाही.

"अगं, ये ना गं!" या हाकेला बायको आली, ओट्याखालचा व्हॉल्व्ह फिरवला आणि त्याच्या हातात पोछा दिला.

कॉम्प्युटर बुडाला, त्यातली चाळीस मिनिटंही बुडाली. दिग्दर्शक पांघरूण ओढून भिंतीकडे तोंड करून पडला. बाहेर बायको कॅमेऱ्यातलं चित्रण बघून खो खो हसत होती.

"अहो, हेच पाठवते मी महोत्सवाला. नाव कुणाचं घालू?"

"माझं कुठेही घालू नकोस!" पांघरुणातून उत्तर आलं. मग तिने स्वतःचं घातलं.

सिनेमा निवडला गेला. आयोजकांचा फोन आला तो बायकोला. "मॅडम, हा नट कुठे मिळाला हो? इतका निकामी माणूस इतका खरा कुणी केलेला आम्ही पाहिला नाही."

"घरचाच आहे," ती म्हणाली.

खेळाला सभागृह भरलं. 'कट!'ला टाळ्या पडल्या. बायको मंचावर गेली, हा तिसऱ्या रांगेत बसून राहिला. लहानपणापासून त्याला असंच भरलेलं सभागृह हवं होतं. ते आलं आणि त्यालाच हसलं. त्याला फार लागलं ते.

सोमवारी भांग पाडून तो आपणहून मेहुण्याच्या दुकानात गेला. मेहुण्याने खुर्ची दिली, चहा मागवला आणि बराच वेळ बेसिन पुसत बसला.

"दाजी, सिनेमा पाहिला. पोट दुखेपर्यंत हसलो. पण तुम्हाला नळाच्या दुकानात ठेवू कसा? गिऱ्हाईकं ओळखतात हो आता."

दिग्दर्शक उठला. मेहुणा दारापर्यंत सोडायला आला.

"ताईला मात्र सांगा, पुढच्या सिनेमाचे नळ माझ्याकडून. तुमच्या हाताला पटकन निघतील, असे सैल बघून देतो."